फिरतं कपाट

कॉन्व्हेंट म्हटलं की लोक शाळा समजतात. आमची आत्या विसाव्या वर्षी ज्या कॉन्व्हेंटात गेली, तिथे शाळा नव्हती. गोरेगावात, आता दोन टॉवरांच्या मधे सापडलेल्या जाड दगडी भिंती, कौलं, कमानींचा व्हरांडा आणि आत जन्मभर बाहेर न पडणाऱ्या सिस्टर. पहाटे प्रार्थना, मग शिवण, मग वाफ्यांना पाणी, जेवताना अवाक्षर नाही. हे सगळं आम्हाला ऐकूनच ठाऊक. भेटायला गेलं तरी जाळीवरच्या काळ्या पडद्यामागून आवाज तेवढा यायचा. डबा द्यायचा तो भिंतीतल्या फिरत्या कपाटात ठेवायचा आणि ढकलायचा. कपाट अर्धं वळलं की डबा आत. घेणारीचा हातसुद्धा दिसत नसे.

पप्पा सुतार. त्यांनी बसवलेली दारं गावठाणात अजून हललेली नाहीत, पण त्यांनीच केलेलं हे कपाट दर दोन वर्षांनी करकरायला लागायचं, मग अडायचं आणि ते दुरुस्तीला जायचे. मी चिडवायचो, "पप्पा, सिस्टर लोकांना गंडवता काय?" ते नुसते हसायचे.

गेल्या वर्षी पप्पांचे पाय गेले आणि नेमकं तेव्हाच कपाट अडलं. म्हणाले, "मला खुर्चीत बसवून ने." मी म्हटलं, "कशाला उगाच? मी करतो ना." मी कारखान्यात मशीन दुरुस्त करणारा, मला काय कठीण! कपाट बाहेर काढलं तर भिंतीत हातभर चौकोन उघडा पडला आणि पलीकडे आत्या उभी. नाक थेट पप्पांचं. माझ्या मागे बघत ती म्हणाली, "दादा नाय आला?"

कपाट ज्यावर फिरायचं ती खालची झिजलेली लाकडी खुंटी फेकून मी स्टीलचं बेअरिंग बसवलं. घरी येऊन छाती फुगवून सांगितलं, "आता आपण मेलो तरी अडणार नाय."

"चांगलं केलंस," म्हणाले आणि भिंतीकडे तोंड करून पडले.

स्वयंपाकघरात आईने मला धरलं. "येड्या, कपाट बाहेर काढायचं त्या एका दिवशीच त्यांना बहीण दिसायची. मुद्दाम कच्च्या लाकडाची खुंटी घालायचे ते." मला लाज वाटली, रागही आला. आधी सांगायला काय झालं होतं? तसाच पप्पांकडे गेलो. "उद्या काढून टाकतो बेअरिंग." कधी आवाज न चढवणारे पप्पा ओरडले, "चांगलं काम मोडायचं नाय!"

दोन महिन्यांत ते गेले. मातीला आत्या येऊ शकली नाही. नंतर मीच त्यांचा रंधा घेऊन गेलो, कपाटात ठेवला आणि ढकलला. पडद्यामागे तो उचलल्याचा आवाज आला.

"आत्या, माझं चुकलं गं."

"तुझं कसलं रे? कपाट करकरायला लागलं की मला कळायचं, आता दादा येणार. अजून रोज कान देते. काय सुद्धा आवाज नाय त्याला."