मायचं शूटिंग

लोह्याच्या स्टँडवर आमचा संसार एसटीच्या टपावर चढला, पण तथागतांची तसबीर बानं मांडीवरच घेतली. लातूर नवा जिल्हा झाला होता आणि तिथल्या नव्या कचेरीत त्याला शिपायाची नोकरी लागली होती. सोडायला आलेली आत्या तसबिरीकडं बघत म्हणाली, "वैनीचा येक फोटो असता तर त्योबी नेला असता रे." गाडी हलली तसा बा माझ्याकडं वळला. म्हणाला, "हाय की. तुझी माय शिनेमात हाय."

त्या एका वाक्यावर मी पुढची वर्षं काढली.

बहात्तरच्या दुष्काळात आमच्या गावाजवळ तलावाचं काम निघालं होतं. सगळा गाव माती उपसायचा आणि कामावर मिळेल ती पिठाची सुकडी खायचा. तिथं एक मराठी सिनेमाची कंपनी आली. त्यांना दुष्काळ हवा होता, आमच्याकडं तो भरपूर होता. शूटिंग म्हटल्यावर बायका ठेवणीतली लुगडी नेसून, घरातलं होतं नव्हतं तेवढं तेल केसांना चोपडून हजर झाल्या. साहेब लोकांनी कपाळाला हात लावला. सगळ्यांना परत पाठवून फाटकी लुगडी नेसून यायला लावलं. माय त्यांच्यात होती. पुढच्या वर्षी ती तापानं गेली. मी इतकी लहान होते की तिचा चेहरा मला आठवत नाही.

लातूरला बा मला प्रत्येक मराठी सिनेमाला न्यायचा. तमाशाचे आणि फेटेवाल्या पाटलांचे सिनेमे बघितले, संतांचेही बघितले. आम्ही देव सोडलेले, तरी शेजारचे चपला काढून बसले की बाही पाय जवळ घ्यायचा. पुढं शहरातल्या घोळांचे विनोदी सिनेमे आले, मग सासुरवाशिणींचे रडके. थिएटर हुंदके देत असायचं आणि बा पडद्याच्या कोपऱ्यातली गर्दी न्याहाळत बसायचा. आमचा सिनेमा काही आला नाही. त्याचं नावही बाला ठाऊक नव्हतं.

आमच्या गावाकडचे तुम्ही सगळे म्हणता, पोरगी सिनेमाच्या वेडानं पुण्याला गेली. साफ खोटं. मी मायला शोधायला गेले. जुनी रिळं साफ करून कॉम्प्युटरवर उतरवायचं काम मला तिथं मिळालं. किती मराठी सिनेमे भंगारात गेले आणि त्यांच्या फिल्ममधली चांदी काढून विकली गेली, हे तिथंच कळलं. त्यानंतर रिळाचा प्रत्येक डबा उघडताना मी आधी आमचा तलाव शोधायचे.

हल्ली आपल्याकडची बोली सिनेमात आलीय, बक्षिसंही मिळवते. पण मल्टिप्लेक्समध्ये पडद्यावर कुणी रडत 'न्हाई' म्हटलं तरी लोक हसतात. माझं डोकं फिरतं. तुमच्यातले जे माझ्यासारखे बाहेर पडले, त्यांना हे सांगायला नको.

एका बंद पडलेल्या थिएटरच्या गोदामातून बिननावाचा डबा आला. स्कॅनरवर रीळ लावलं आणि आमचा तलाव दिसला. डोक्यावर पाट्या घेतलेल्या बायका समोरून आल्या. कॅमेरा जवळ गेला तशी प्रत्येकीनं पदर तोंडावर ओढला. परका पुरुष समोर आला की आमच्याकडची रीतच ती. एकीचाही चेहरा नाही. कडेला फावडं घेतलेला एक तरणा माणूस बायकांकडं बघून काहीतरी बोलत होता. तो बा होता, लख्ख. त्याचं बोलणं ऐकू येत नाही, वरून दुःखी गाणं टाकलंय.

मी ते लॅपटॉपवर घेऊन लातूरला बाच्या खोलीवर गेले. बानं मधल्या बाईवर बोट ठेवलं. "ही." मग कडेच्या स्वतःकडं बघत राहिला.

"मीच म्हणलो व्हतो तिला, पदर घे म्हणून. परकी माणसं बघून राहिली व्हती."

बाला रडताना मी पहिल्यांदा बघितलं, आणि मला त्याची कीव आली नाही, संताप आला. गॅलरीत जाऊन उभी राहिले. परत आल्यावर विचारलं, "पदराआड कशी व्हती ती?"

"हसून राहिली व्हती," बा म्हणाला. "चांगलं लुगडं सोडून फाटकं नेसाया लावलं म्हणून. लई हसली त्या दिवशी. म्होरला दात जरा वाकडा व्हता तिचा."

गावात आता आमचं कुणी नाही, पुण्यात मी अजून बाहेरचीच. घर कुठलं असं कुणी विचारलं, तर मला बाची ती खोली डोळ्यांपुढं येते. मायचा चेहरा जगात तेवढ्या एकाच जागी आहे. म्हणून मी दर रविवारी फोन करते आणि तेच विचारते, आणि बा वाकड्या दाताचं सांगतो.

गेल्या रविवारीही मी विचारलं, माय कशी होती.

"आता नीट ध्यानात येईना, बाई," बा म्हणाला.