कॉव्हेंट्रीच्या गोवऱ्या

"गोवऱ्या? आमच्याकडे घरोघरी थापतात," असं मी हात नाचवत इंग्रजीत सांगून टाकलं. माझा जन्म पुण्यातला, तिसऱ्या मजल्यावरचा. शेणाशी संबंध आला तो चप्पल भरण्यापुरता.

गोष्ट २००४च्या ऑगस्टमधली. इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्रीत मी मातीकामाच्या क्लासला जायचे. तिथे अमेरिकेतून, न्यू मेक्सिकोतल्या प्वेब्लो आदिवासींच्या एका गावची कुंभारीण पाहुणी आली होती. तिच्याकडे चाक नाही, भट्टी नाही. मातीच्या वळ्या एकावर एक रचून मडकं उभारायचं, आजीकडून आलेल्या गोट्याने घोटायचं आणि उघड्यावर वाळल्या शेणात भाजायचं. तीन आठवडे खपून तिने एकच मडकं केलं होतं. शनिवारी भाजणं, रविवारी तिचं विमान, आणि पावसाने आसपासचं सगळं शेण भिजलेलं. म्हणून मी ते वाक्य बोलले. तिने माझे दोन्ही हात घट्ट धरले. आता पळता येईना.

घरी सहा महिन्यांच्या व्हिसावर सासूबाई आल्या होत्या. साताऱ्याकडच्या खेड्यात त्यांनी ढिगांनी गोवऱ्या थापलेल्या. मी एका शेतावरून चार बादल्या आणल्या. त्यांनी आत डोकावून पाहिलं.

"अगं, हे शेण आहे की आमटी?"

मग पदर खोचून त्यांनी पेंढा मिसळला आणि आमच्या कॉन्झर्व्हेटरीत, म्हणजे घराला जोडलेल्या काचेच्या खोलीत, हीटर लावून गोवऱ्यांच्या रांगा मांडल्या. नवरा ऑफिसातून आला, त्याने दार उघडलं, बंद केलं आणि परत गाडीत जाऊन बसला.

मडक्याला दमट हवा लागू नये म्हणून तेही तिथेच ठेवलं. ठेवताना कुंभारणीने एकच अट घातली: मातीजवळ कोणी वाकडं बोलायचं नाही, नाहीतर भाजताना मडकं तडकतं. मी ते सासूबाईंना सांगितलं. त्या गंभीर झाल्या. वाकडं बोलणं सोडलं तर आम्हा दोघींत संभाषणच नव्हतं. पोहे खारट झाले, त्यांनी मुकाट्याने गिळले. इस्त्री करताना मी त्यांचं पातळ जाळलं. "असू दे" म्हणून त्या जपमाळ घेऊन बसल्या. असे चार दिवस.

शनिवारी गोवऱ्या खडखडीत वाळल्या होत्या. कुंभारणीने त्या मडक्याभोवती रचल्या, पेटवल्या आणि शेवटी शेणाचा भुगा टाकून जाळ कोंडला. जमलेल्या लोकांना मी गोवऱ्या थापण्याचं तंत्र समजावत होते, माझ्या सात पिढ्यांच्या अनुभवासकट. सासूबाईंना समजण्यापुरतं इंग्रजी येत होतं; शेजारी त्यांचे ओठ थरथरत होते.

राखेतून मडकं निघालं. काळंभोर, आरशासारखं, कुठे चीर नाही. कुंभारणीने टिचकी मारली, ते छान वाजलं, आणि तिने डोळे पुसले.

"विचार तिला, आता नाही ना तडकायचं?" सासूबाईंनी मला कोपराने ढोसलं.

मी विचारलं. तिने हसून नकारार्थी मान हलवली.

सासूबाई माझ्याकडे वळल्या. "पोह्यांत मीठ होतं की मिठात पोहे?" इथून जी सुरुवात झाली, ती पातळावरून सात पिढ्यांपर्यंत, क्रम न चुकता. लोकांना तो विधीचाच भाग वाटला. दोघांनी टाळ्या वाजवल्या.

कुंभारणीने मात्र मडकं गोधडीत गुंडाळून पोटाशी धरलं आणि चार पावलं मागे सरकली.