साठ वादकांची सिंफनी

सदर बाजारातल्या एका दुकानात जुना पियानो विकायला ठेवला होता. झाकण उघडताच शिकवणीतल्या पियानोसारखाच डांबरगोळ्यांचा वास आला आणि तीस वर्षांपूर्वीचा राग जसाच्या तसा उसळला.

तेव्हा मी पंधरा वर्षांची होते. साठ वादकांची सिंफनी एकट्या पियानोसाठी उतरवलेली होती. तिचा पहिला भाग मी चार महिने घोटला होता. बाबा फॅक्टरीतून अर्ध्या दिवसाची रजा टाकून ऐकायला आले. मी अर्ध्यावर पोचले असतानाच पियानोच्या सरांनी समोरची वही फाडकन मिटली.

"भाई साहब, इसमें पूरा ऑर्केस्ट्रा सुनाई देना चाहिए. आपकी लड़की तो टाइपिंग कर रही है. घर ले जाइए."

बाबांनी हात जोडले. "एक महीना और सिखा दीजिए, सर."

रस्त्यावर येताच मी ओरडले, "काहून हात जोडले त्याच्यासमोर? लाज वाटते मला तुमची!"

बाबा सायकल ढकलत गढ्यातल्या आमच्या घरापर्यंत चालले. मी पुन्हा त्या शिकवणीला गेले नाही.

त्या दुपारी बाबांचा अपमान आधी सरांनी केला, मग मी. सरांवर मी अजून चिडून आहे; तेवढंच सोपं आहे.