घरचा गहू

देवासला रेशनच्या दुकानाला सगळे कंट्रोल म्हणतात. नव्वदच्या दशकात माझ्या बाबांचं असं एक कंट्रोल होतं, आणि ते चालवताना त्यांनी नको तितका चांगुलपणा केला, असं माझं आजही मत आहे.

आमच्या मागच्या वस्तीतली मजूर माणसं कापणीच्या दिवसांत खातेगावकडे जायची. महिना उलटला की त्यांचं धान्य बुडायचं. बाबा मग ते दिलं असं नोंदवून टाकायचे आणि त्यांच्या वाटचा गहू आमच्या माजघरात ठेवायचे, कारण दुकानात घुशी फार. माणसं परतली की आमच्या दारात येऊन घेऊन जायची. आई कुरकुरायची, पण घरात आलेल्या गव्हाला एरंडेल चोळल्याशिवाय तिला चैन पडत नसे. आमच्या वर्षाच्या गव्हाबरोबर तिने तो सरकारी गहूही परातीत घेऊन चोळला. किड्यांना दोन्ही सारखेच, असं तिचं म्हणणं.

एका दुपारी खाद्य विभागाचे साहेब पंचांना घेऊन आले. त्यांनी मूठभर गहू हुंगला आणि विचारलं, "सरकारी माल पर तेल? पहचान छुपा रहे हो?" बाबा खरं ते सांगत राहिले, ते कोणी लिहून घेतलं नाही. सगळी पोती जप्त झाली, दुकान बंद झालं आणि काळ्याबाजाराचा खटला उभा राहिला. शेजारच्या बायका आईला हळदीकुंकवाला बोलवेनाशा झाल्या. त्यांचा राग माझ्या मनातून अजून गेलेला नाही.

खटला वर्षानुवर्षं रेंगाळला. गव्हाचा तर केव्हाच लिलाव झाला. शेवटी आमचे वकील बाबांना म्हणाले, "काका, सांगून टाका ना, गहू घरचाच होता. कंट्रोलच्या गव्हाला एरंडेल लावतं का कोणी? जज साहब मान जाएंगे. नाहीतर सीधी जेल आहे."

मीही बाबांना म्हणाले, खोटं बोला. त्याचा मला पश्चात्ताप नाही. त्यांना रक्तदाबाचा त्रास होता आणि तुरुंगात ते टिकले नसते. आईने फक्त ताट वाढलं.

अडचण होती ती वस्तीतल्या एका बाईची. त्या गव्हात तिचाही गहू होता. प्रत्येक तारखेला ती मजुरी बुडवून कोर्टात यायची. गहू आपला आहे हे जजसाहेबांना सांगितलं की बाबा सुटतील, अशी तिची खात्री होती. वकिलांना मात्र तिचीच धास्ती. धान्य मिळालंच नाही असं ती म्हणाली असती, तर बाबांची नोंद खोटी ठरली असती. "तुम्हारी जरूरत नहीं है," त्यांनी तिला बजावलं. ती तरीही मागे भिंतीशी बसून राहिली.

जजसाहेबांनी विचारलं तेव्हा बाबा म्हणाले, "गेहूं मेरे घर का था." त्यांचा आवाज इतका बारीक होता की त्यांना ते पुन्हा सांगावं लागलं. दुसऱ्यांदा सगळ्यांना ऐकू गेलं.

बाबा निर्दोष सुटले. निकालाच्या दिवशी वकिलांनी पेढे मागवले. मला इतकं हायसं वाटलं की रडूच आलं. बाहेर व्हरांड्यात ती बाई उभी होती.

"छूट गया नी बाबूजी, अच्छो हुयो," ती म्हणाली. मग तिने विचारलं, "पर वो गेहूं तो म्हारो थो नी?"

त्यात तक्रार नव्हती. आपलंच काही समजायचं चुकलं का, एवढंच तिला जाणून घ्यायचं होतं.

वकील बाबांचा दंड धरून त्यांना पुढे नेऊ लागले. बाबांनी तो सोडवून घेतला आणि तिच्यासमोर हात जोडले.

"तुम्हारा ही था, बाई," ते म्हणाले.

दुकानाचा परवाना परत मिळत होता. बाबांनी तो घेतला नाही.