रखमाजी मामांचं डिझेल

हे मी नवऱ्याला सांगितलेलं नाही. अकरा वर्षं आम्ही एकाच गॅरेजमध्ये काम करतोय, एकमेकांच्या हातात न मागता पाना देतोय — तरी नाही. आईला नाही, बहिणीला नाही. मग तुम्हाला का सांगतेय? तुमची-माझी ओळख नाही म्हणून असेल. किंवा तुम्ही मध्येच थांबवून ‘जाऊ द्या ताई, होतं असं कधीकधी’ म्हणणार नाही म्हणून. ते वाक्य मला ऐकायचं नाही.

आधी मी कोण ते सांगते. त्यात थोडी बढाई येईल. येऊ द्या. तिच्याशिवाय पुढचं कळायचं नाही.

माझं माहेर केदारखेडा. घरी शेती. भावंडांत मशीनच्या नादी लागलेली मी एकटीच. जालन्याच्या आयटीआयमध्ये मोटर मेकॅनिकचा कोर्स केला. वर्गात आम्ही दोघीच मुली, त्यातली दुसरी वर्ष पुरं व्हायच्या आत लग्न होऊन गेली. मी कोर्स संपवला, आणि मग मला शहागडला दिलं — हायवेच्या कडेला गॅरेज असलेल्या घरात. सासऱ्यांना वाटलं, सून चहापाण्याचं बघील. सहा महिन्यांत सून बॉनेटखाली होती.

तेव्हा आमच्या भागात नव्या धाटणीच्या गाड्या वाढायला लागल्या होत्या. इंजिनचं काही बिघडलं की समोर पिवळा दिवा लागतो आणि गाडीच्या कॉम्प्युटरात एक नंबर साठवला जातो. त्याला आम्ही कोड म्हणतो. स्टिअरिंगखाली एक सॉकेट असतं, तिथं स्कॅनर लावला की नंबर दिसतो. जुने मिस्त्री त्या नंबरांना बिचकायचे. मला ते आवडायचे. नुसता नंबर कुणीही वाचतो हो — त्याच्या मागचं कारण शोधणं, ती खरी विद्या. एका गाडीला शहरातल्या एका मोठ्या ठिकाणी सांगितलं होतं, आख्खा कॉम्प्युटर बदलावा लागेल. मी दोन तास बसून वायर न् वायर चाचपली. बॅटरीखाली उंदरानं कुरतडलेली एक वायर सापडली, एका तारेवर लटकलेली. ती जोडली, दिवा गेला. त्या माणसानं तिथंच उभ्या उभ्या चार जणांना फोन लावले.

तेव्हापासून मी ‘कोडवाली ताई’. अंबडकडून, परतूरकडून, पार आष्टीहून गाड्या यायच्या. गेवराईचे मिस्त्री अडले की फोन करायचे. आजही सांगते, ह्या रस्त्यावर माझ्याइतका कोड कुणाला कळत असेल तर समोर या. गर्व आहे का मला? आहे. कमावलेला आहे.

पण कोड दुखणं कुठं आहे एवढंच सांगतो. कुणामुळं झालं, ते सांगत नाही. ते माणसानं सांगायचं असतं. आणि माणूस — बघा, परत आडवळणाला लागले मी.

दादासाहेबांच्या गाडीवर येते.

दादासाहेब म्हणजे जवळच्याच गावचे बागायतदार. जुनं घराणं, शब्दाला वजन. त्यांच्या मोठ्या डिझेल गाडीवर ड्रायव्हर होते रखमाजी मामा. मामांच्या वडलांपर्यंत घरची माणसं मेंढरं घेऊन फिरायची. मामा त्या घरातले पहिले, ज्यांच्या हातात काठीऐवजी स्टिअरिंग आलं. चौदा वर्षं त्यांनी दादासाहेबांची गाडी चालवली. गाडीत बसताना चप्पल झटकून बसायचे. सर्व्हिसिंगला आले की बाकड्यावर न बसता माझ्या शेजारी उभे राहायचे आणि प्रत्येक पार्टचं नाव विचारायचे. मला आवडायचे ते. हे मुद्दाम सांगतेय. माझं त्यांच्याशी काही वाकडं नव्हतं.

एकदा ती गाडी सर्व्हिसिंगला आली होती. नवरा जालन्याला सामान आणायला गेला होता, म्हणून डिझेलचा फिल्टर मीच बदलला. रोजचंच काम, डोळे मिटून करते. त्यानंतर बरोबर पंधरा दिवसांनी ती गाडी गोदावरीच्या पुलावर बंद पडली. आत दादासाहेब, त्यांच्या म्हाताऱ्या आई आणि दोन सुना. साखरपुड्याला निघाले होते. आधी पिवळा दिवा लागला, मग गाडीनं ओढ सोडली, आणि पुलाच्या मधोमध थांबली. मागून उसाचा ट्रक येत होता. त्यानं ब्रेक कचकचून मारला आणि हातभर अंतरावर उभा राहिला. हातभर. दादासाहेबांच्या आईला दोघी सुनांनी धरून खाली उतरवलं.

गाडी ओढून माझ्याकडेच आणली. दुसरीकडं कुठं नेणार? भर दुपार, बाजारचा दिवस. गाडीमागं पंचवीस-तीस माणसं आली. नवरा तेव्हाही नव्हता, एका ट्रकच्या कामाला गेवराईला गेल्ता.

स्कॅनर लावला. कोड आला पी शून्य शून्य सत्त्याऐंशी. म्हणजे इंजिनला डिझेल ज्या दाबानं मिळायला पाहिजे, त्या दाबानं मिळत नाही. फिल्टरजवळ थोडी नळी पारदर्शक आहे, सेल्फ मारायला लावून तिच्याकडं पाहिलं. डिझेलमध्ये बुडबुडे पळत होते. पंप टाकीतून डिझेल ओढतो. ओढीच्या वाटेवर कुठं फट राहिली तर डिझेलबरोबर हवा येते. बाहेर थेंबही गळत नाही, म्हणून कुणाला दिसत नाही. मी फिल्टरचं झाकण उघडलं.

झाकणाखालची रबरी रिंग एका बाजूनं खाचेतून बाहेर आली होती, चिमटली होती, आणि तिथं तिला चीर पडली होती. ती रिंग पंधरा दिवसांपूर्वी मी बसवली होती. माझ्या ह्या दोन बोटांनी.

मला कळायला किती वेळ लागला असेल? एक श्वास. तेवढ्यात दादासाहेबांनी विचारलं, “काय निघालं ताई?”

मी रिंग मुठीत घेतली. खरंच सांगते, विचार करून नाही घेतली — पण मूठ उघडलीही नाही. फिल्टरच्या तळाचं बूच सैल केलं आणि खाली एक काचेची बाटली धरली. आधी थोडं पाणी उतरलं, मग डिझेल. दोन चमचे पाणी असेल. तेवढं कुठल्याही गाडीच्या फिल्टरमध्ये निघतं. फिल्टर त्यासाठीच असतो. तेवढ्यानं गाडी कधी बंद पडत नाही. हे मला माहीत होतं. तिथं दुसऱ्या कुणालाच माहीत नव्हतं.

बाटली उन्हात धरली. खाली पाणी, वर डिझेल, मध्ये स्वच्छ रेघ.

“डिझेलमध्ये पाणी हाये,” मी म्हणाले. “भरतानाच आलंय.”

सगळी माणसं बाटलीकडं पाहू लागली. मग दादासाहेब मामांकडं वळले. “रखमाजी, कुठं भरलं होतं?”

मामांनी खोटं बोलायला पाहिजे होतं. पंपाचं नाव सांगितलं असतं, विषय संपला असता. पण ते म्हणाले, “पंपावरच भरतो मालक. एकदाच... मागल्या आठवड्यात शेतावरून येताना काटा खाली आल्ता, तर वस्तीवरच्या डब्यातलं पाच लिटर घातलं. बराबर दिसलं मला. माझंच ध्यान नव्हतं.”

दादासाहेब ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं. “आई होती गाडीत,” एवढंच म्हणाले आणि हात पुढं केला. मामांनी किल्ली शर्टाला पुसली आणि त्या हातावर ठेवली. गाडीच्या दारातला आपला गमजा आणि पाण्याची बाटली काढून घेतली. जाताना माझ्याकडं बघून मान हलवली — राग नव्हता त्यात. जशी डॉक्टरपुढं हलवतात, तशी. आणि हायवेच्या कडेनं चालत गेले.

मी नवी रिंग बसवली. या वेळी तीनदा तपासली. स्कॅनरवर बटण दाबून कोड पुसला, गाडी पुलापर्यंत पळवून आणली. लोण्यासारखी चालली. संध्याकाळपर्यंत शहागडात एकच गोष्ट — कोडवाल्या ताईनं पाणी पकडलं.

आता तुम्ही म्हणाल, बाई माणूस, पुरुषांच्या धंद्यात एक चूक झाली तर लोक दारात उभं करत नाहीत, म्हणून घाबरली असेल. कैक वर्षं मी पण स्वतःला हेच सांगत आले. खोटं आहे ते. दादासाहेब मला मानायचे. मी म्हणाले असते, रिंग माझ्याकडून चुकली, तर ते रागावले असते, दोन दिवस गावात चर्चा झाली असती आणि तिसऱ्या दिवशी पुढची गाडी दुरुस्तीला दारात आली असती. माझी भाकर गेली नसती. मला फक्त त्या तीस माणसांपुढं चुकायचं नव्हतं. एवढंच होतं. त्यासाठी मी एका माणसाची चौदा वर्षं देऊन टाकली.

मामांना मोठ्या गाडीवर पुन्हा कुणी ठेवलं नाही. भेसळीचं डिझेल भरणारा ड्रायव्हर — हे नाव त्यांच्या आधी गावात पोचायचं. दोन वर्षं ते भावाबरोबर मेंढरांमागं होते. मग दुधाची एक छोटी गाडी मिळाली. आणि ती गाडी घेऊन ते पहिल्यांदा कुठं आले असतील? माझ्याकडंच.

सीटमागून त्यांनी दोन वस्तू काढून दाखवल्या. एक पांढरं फडकं, एक काचेची बाटली. आता डिझेल भरलं की आधी थोडं फडक्यातून बाटलीत गाळून उन्हात बघतात, म्हणाले. बाकड्यावर बसलेल्या दोन पोरसवदा ड्रायव्हरांनाही त्यांनी तिथंच शिकवलं. “माझी एक चूक झाली आन् म्हातारी माय जाता जाता राह्यली. ताईनं डोळे उघडले माझे.”

तेव्हा सांगता आलं असतं ना? तीस माणसं नव्हती. दोन पोरं, ते आणि मी.

मी म्हणाले, “बराबर करून राह्यले मामा.”

इथं थांबले असते तरी एक वेळ — पण नाही, थांबले नाही.

मागच्या वर्षी जालन्याला माझ्याच आयटीआयमध्ये मुलींसमोर बोलायला बोलावलं होतं. मोटर मेकॅनिकच्या वर्गात आता चौदा मुली आहेत. माझ्या वेळी दोघी होतो. तो वर्ग पाहून माझा ऊर भरून आला, खोटं कशाला बोलू. मी उंदराच्या वायरीची गोष्ट सांगितली. आणि मग, बोलण्याच्या भरात, बाटलीची. नाव न घेता. ड्रायव्हरचा हलगर्जीपणा, कोड, बाटलीतली रेघ — आता ती गोष्ट मी इतकी सफाईनं सांगते की मधे कुठं शिवण दिसत नाही.

दुसऱ्या बाकावरची एक मुलगी उभी राहिली. बारीक, वहीवर पेन टेकवून. “मॅडम, पाण्यानं झालं तर डॅशबोर्डवर पाण्याचा वेगळा दिवा लागतो ना? तो लागला होता का? कारण नुसतं प्रेशर पडलं असंल तर... हवा पण गेल्ती असू शकती.”

इतका नेमका प्रश्न मला आजवर एकाही मिस्त्रीनं विचारलेला नाही. त्या क्षणी मला त्या मुलीचा जो अभिमान वाटला, तो मी शब्दात सांगू शकत नाही. आणि त्याच क्षणी मी तिला म्हणाले, “हो. लागला होता. पाण्याचाच दिवा लागला होता.”

तिनं ते वहीत लिहून घेतलं.

कार्यक्रम संपल्यावर ती दारापाशी थांबली होती. नाव शीतल. हसत म्हणाली, “मॅडम, तुम्ही सांगितला ना तो ड्रायव्हर — ते माझे बप्पा. रखमाजी. ते घरी हीच गोष्ट सांगतेत. म्हणतेत, ताई कशी बिलकुल एका मिनिटात खरं काढती बघ. म्हणून तर मी ह्या ट्रेडला आले.”

मी तिच्या डोक्यावर हात ठेवला. आणखी काय केलं? काही नाही. शहागडपर्यंत बस उभी कुठं राहिली, कोण चढलं, मला आठवत नाही.

शीतल आता जालन्यात एका वर्कशॉपमध्ये कामाला लागलीय. ऐकते की हात साफ आहे, डोकं त्याहून साफ. ती माझ्या पुढं जाणार, आणि तिनं जावं. तिला दोन वेळा शिकवायची संधी मला मिळाली होती. एकदा तिच्या बापाबद्दल खरं सांगायची, एकदा कोडाबद्दल. दोन्ही वेळा मी खोटं शिकवलं — आणि दुसरं तर विद्येशीच खोटं. तिनं पहिल्याच झटक्यात बरोबर कारण सांगितलं होतं. मी तिला तिचं बरोबर उत्तर चूक म्हणून परत दिलं.

डिझेल चांगलं होतं. रखमाजी मामांची काहीही चूक नव्हती. फिल्टर मी बसवला, रिंग माझ्याकडून चिमटली, आणि मला ते त्याच मिनिटाला कळलं होतं.

मामा दिवसाआड सकाळी दूध घेऊन आमच्या दारावरून जातात. हॉर्न देतात, हात करतात. मीही करते. आज सकाळीही केला.

हे त्यांच्याआधी तुम्हाला कळलं. हेही बराबर नाही झालं.