पडद्यामागचे हात

पुण्याजवळच्या मांजरी गावातल्या त्या दोन खोल्यांत बाहेर बसायचा उत्तरेश्वर आणि आत, पडद्यामागे, त्याची बायको दीपमाला. जुने स्टिरिओ स्पीकर घेऊन पार औंध-कोथरूडहून माणसं यायची, ती उत्तरेश्वरचं नाव ऐकून. कारखान्यात वीस वर्षं त्यानं स्पीकरच्या कॉइल गुंडाळल्या होत्या. नोकरी सुटल्यावर त्यानं घरीच काम मांडलं आणि दोन वर्षांत हाताला कंप सुटला. केसासारख्या तारेचं काम, ते थरथरत्या हातानं होणार कसं? त्यानं बायकोला शिकवलं, पण पहिल्याच दिवशी बजावलं, "बाहेर कळता कामा नये. बाईमाणूस करतं म्हटलं की लोक खोकी उचलून चालू लागतील."

तीन वर्षं ती कॉइल गुंडाळत होती, झिजलेल्या फोमच्या कडा बदलत होती, फाटलेले कागदी कोन सांधत होती. गिऱ्हाईक आलं की हातातलं टाकून चहा करायचा आणि नवऱ्याचं कौतुक ऐकत तो पुढं ठेवायचा. माहेर लातूरकडं, औशाला. तिकडे आईचं, गोदाबाईचं, खुब्याचं हाड मोडलं. भाऊ समाधान फोनवर म्हणाला, "ताई, पंधरा दिवस तरी ये." ती म्हणाली, "बघते." ती गेली तर काम अडणार, आणि काम अडलं की सगळ्यांना कळणार.

अशात लोणी काळभोरचे हिंमतराव दुसऱ्यांदा आले. या खेपेला कमरेएवढी लाकडी जोडी होती, वडिलांच्या वेळची. मधे दुसऱ्या एका दुकानदारानं आतला मॅग्नेट बदलून त्यांना फसवलं होतं.

"माझ्यासमोर करा," ते म्हणाले. "बसतो मी हितंच."

"अहो, वेळ लागेल. संध्याकाळी या."

"लागंना का. मला कुटं जायचंय?"

उत्तरेश्वरनं नाइलाजानं ब्लेड उचललं. जुनी कड सोडवताना हात हलला आणि कागदी कोनाला बोटभर चीर गेली. हिंमतराव ताडकन उठले. दीपमाला चहा घेऊन दारात उभी होती. तिनं कप खाली ठेवले, नवऱ्याच्या हातातलं ब्लेड काढून घेतलं आणि खाली बसली.

चीर पातळ कागदानं सांधली. नवी कड चिकटवली. कॉइल मॅग्नेटला घासू नये म्हणून भोवती फिल्मच्या पट्ट्या खोचल्या, गोंद वाळू दिला, मग त्या एकेक करून ओढून काढल्या. चार तासांनी सनई लावली. कुठं खरखर नव्हती.

"म्हंजे मागची जोडी पण तुम्हीच केलीती?" हिंमतरावांनी विचारलं.

नवऱ्याकडे न बघता ती म्हणाली, "हो."

"मग वहिनी, आत कशाला बसता?"

ते गेल्यावर तिला वाटलं, सुटले एकदाची. ती म्हणाली, "आता लपवायचं काही उरलं नाही. मी औशाला जाऊन येते."

"जा," तो भिंतीकडे तोंड करून म्हणाला.

पंधरा दिवस म्हणून ती निघाली. वाटेतच नवऱ्याचे फोन सुरू झाले. गॅस कसा लावू, गोळी कोणती घेऊ, सदऱ्याचं बटण लागत नाही. आईच्या उशाशी बसूनही ती मांजरीतच होती. तिसऱ्या दिवशी गोदाबाईच म्हणाली, "जा बाई. त्यो एकटा हाय तिकडं."

घरी आली तर दाराशी पाच जोड्या रचलेल्या. हिंमतरावांनी गावभर सांगितलं होतं. उत्तरेश्वर नेहमीसारखा बाहेरच्या खोलीत बसला होता, दाढी वाढलेली, चेहऱ्यावर मात्र कधी नव्हे ते हसू.

"सगळ्यांना सांगितलं, माझी बायको करते. माझ्याहून सरस करते." मग जरा थांबून, "गुरुवारी देतो म्हणालोय."

तो सोमवार होता. हे ऐकायला तिनं तीन वर्षं वाट पाहिली होती. पण ऐकताना ती मनात मोजत होती, पाच जोड्या, तीन दिवस. मधला पडदा त्यानं काढून ठेवला होता. आता दोन्ही खोल्या एका नजरेत दिसत होत्या, या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत.

"दमलीस ना? चहा टाकतो," म्हणून तो उठला. आत भांडं पडल्याचा आवाज आला.

"राहू द्या," ती म्हणाली आणि पिशवी तशीच दारात ठेवून आत गेली.