गिरदावर माणिकरावांचे कोरे कागद

गिरदावर, म्हणजे महसूल खात्याचे मंडळ अधिकारी, माणिकराव गावात आले की आधी सह्या घेत, काम मग बघत. त्यांचे ठरलेले पंच म्हणजे माझे दगडूकाका, कारण आमचं घर चावडीला लागून. "काका, दोन कोऱ्यावर बी मारून ठेवा. घडोघडी तुमाला तरास नको," असं गोड बोलून ते कागद पुढे सरकवत. काका भाबडे, करून देत. हा माणूस पहिल्यापासून माझ्या डोळ्यांत खुपायचा.

माजी सरपंचांनी स्मशानभूमीच्या वाटेवर भिंत घालून गोठा बांधला, तेव्हा मी खंडपीठात गेलो. महिन्याभरात अतिक्रमण काढा, असा आदेश झाला. तो घेऊन तालुक्याला, रेणापूरला माणिकरावांकडे गेलो, तर पानाला चुना लावत म्हणाले, "आदेश हाय ना? मग कशाला घाई करून राहिलात, बालाजीराव?"

महिना उलटला, भिंत जागची हलली नाही. त्यातच काका गेले. वाट बंद, म्हणून तिरडी खांद्यावर घेऊन आम्ही कमरेइतक्या पाण्यातून नाला ओलांडला. मध्येच माझा पाय घसरला आणि काकांचा हात पाण्याला लागला. तो हात मला अजून दिसतो.

दिवसकार्य उरकून मी अवमान याचिका दाखल केली. उत्तरात माणिकरावांनी शपथपत्र दिलं आणि सोबत पंचनामा जोडला. अतिक्रमण पंचांसमक्ष काढले, वाट पूर्ण मोकळी आहे! तारीख काकांच्या दहाव्याची आणि खाली सही काकांची. काका वारल्याचं या गृहस्थाला ठाऊकच नव्हतं. बॅगेतला सहीचा कोरा कागद काढला आणि भरला.

वकिलांनी मृत्यूचा दाखला पुढे ठेवला, तसे माणिकरावांनी हात जोडले. कोर्टाने त्यांचा बिनशर्त माफीनामा घेतला, झाडलंही भरपूर, आणि भिंत पाडायला आठ दिवस दिले.

आठव्या दिवशी जेसीबी आला. भिंत उभीच होती आणि हा गृहस्थ आधीच भरलेला पंचनामा माझ्यापुढे धरतो, "झालं न्हवं मनासारखं? मारा सही."

"आधी भिंत पाडा," मी म्हणालो. "मग ह्या वाटंनं स्मशानापर्यंत चालून दाखवा. सही तिथं करतो."

भिंत पडली. माणिकराव घाम पुसत पुढे, मी मागे. स्मशानात पोचल्यावर मी तारीख-वेळ घालून सही केली. तेव्हा त्यांनी बॅग चाचपून दोन कोरे कागद काढले. "काकाच्या सहीचे हायेत. आता माझ्या काय कामाचे? आठवण म्हणून ठेवा."

माझ्या अंगाची आग झाली. काकांना अग्नी दिला होता त्याच जागेवर मी ते कागद जाळले.

गेल्या वर्षी माणिकराव वारले. बायको म्हणाली, जाऊन या. मी गेलो नाही. माफी दिली ती कोर्टाने, मी नाही. आमचे काका पाण्यातून गेले, त्यांच्या फक्त दोन सह्या त्या वाटेने गेल्या.